बॅगेत जागा आहे का?

माझं काम लोकांवर संशय घेण्याचं होतं. असं सांगितलं की पुण्यातल्या नातेवाइकांना वाटायचं मी पोलिसात आहे. मी बसायचे जर्मनीतल्या ब्योब्लिंगेनजवळच्या एका मध्यम आकाराच्या कंपनीत, माल परदेशी पाठवायला परवानगी द्यायची की नाही हे ठरवणाऱ्या विभागात. कंपनी निर्वात पंप आणि त्यांना लागणारी दाबमापकं, म्हणजे गेज, बनवते. हे गेज तळहातावर मावतं. दूध पावडरच्या कारखान्यात लागतं, औषधांच्या कारखान्यात लागतं, आणि युरेनियम समृद्ध करणाऱ्या यंत्रांच्या रांगांमध्येही लागतं. म्हणून ते कोणाला विकायचं याचे कायदे आहेत.

एक देश आहे, जगाने वाळीत टाकलेला. त्याला अणुबॉम्ब हवा आहे आणि त्यासाठी लागणाऱ्या वस्तू त्याला उघडपणे कोणी विकत नाही. मग तो त्या आडवाटेने मागवतो, कधी एखाद्या बेकरीच्या नावाने, कधी एखाद्या कॉलेजच्या. त्या देशाचं नाव मी इथे लिहीत नाही. ऑफिसातही आम्ही ते फारसं घेत नव्हतो, नुसतं ‘तिकडे’ म्हणायचो. प्रत्येक ऑर्डरला माझे तीन प्रश्न ठरलेले असायचे: घेणारा कोण, माल शेवटी राहणार कुठे आणि हवा कशाला. उत्तरं सहीशिक्क्यानिशी आल्याशिवाय माझ्या टेबलावरून कागद हलत नसे. एकदा खरंच एका बेकरीची ऑर्डर मी अडवली होती. पाव भाजायला एवढं नाजूक गेज कशाला, एवढाच माझा प्रश्न होता. त्यानंतर त्या बेकरीने पत्रांना उत्तर देणं बंद केलं. मला त्याचा फार अभिमान होता आणि तो मी लपवतही नसे.

हा अभिमान सगळ्यात जास्त कोणाला कळत असेल तर माझ्या सासऱ्यांना. ते आणि सासूबाई गेल्या उन्हाळ्यात तीन महिने आमच्याकडे राहायला आले होते. सासऱ्यांची एकतीस वर्षं जकात नाक्यावर गेली. पुढे जकातच बंद झाली, नाक्याच्या जागी पेट्रोल पंप आला, आणि ते दुःख ते अजून बाळगून आहेत. जर्मन भाषेतला त्यांनी मनापासून शिकलेला पहिला शब्द ‘त्सोल’. त्सोल म्हणजे जकातच की, म्हणाले, आणि खूश झाले. मी संध्याकाळी घरी आले की चहाचा कप पुढे सरकवून विचारायचे, “काय सूनबाई, आज किती गाड्या अडवल्या?”

मग ते त्यांच्या गाड्या सांगायचे. कांद्याच्या पोत्यांखाली काय निघालं, लग्नाच्या वऱ्हाडाच्या बसमध्ये काय निघालं. खोटं ओळखायची त्यांची एक खूण होती. “खरं बोलणारा विचारलं तेवढंच सांगतो,” ते म्हणायचे, “आणि खोटं बोलणारा न विचारलेलं सांगत बसतो.” मी ही खूण ऑफिसात माझ्या बॉसलाही सांगितली होती. तिने ती वहीत लिहून घेतली.

आता आमच्या लोकांच्या एका सवयीबद्दल सांगायला हवं. आमच्या भागातल्या मराठी लोकांचा व्हॉट्सॲप ग्रुप आहे. त्यावर सणाच्या शुभेच्छांखालोखाल सगळ्यात जास्त येणारा मेसेज म्हणजे, “पुणे-मुंबईला कोणी जातंय का? बॅगेत जागा आहे का? छोटंसं पाकीट आहे.” याला नाही म्हणणारा माणूस माणूसघाणा ठरतो. मी स्वतः कधीही न भेटलेल्या बायकांच्या बॅगांतून आलेली भाजणी खाल्ली आहे, कुळथाचं पीठ खाल्लं आहे, आणि माझ्या आईच्या गुडघ्याचं मलम तीन अनोळखी माणसांच्या हातून पुण्याला पोचलं आहे. विमानतळावर विचारतात, बॅग तुम्हीच भरली का, कोणी काही दिलं आहे का. आम्ही सगळे सरळ चेहऱ्याने, बॅग आमचीच, कोणी काही दिलेलं नाही, असं सांगतो. त्याला खोटं बोलणं म्हणायचं हे माझ्या कधी डोक्यातच आलं नव्हतं.

सासू-सासरे जाताना चार दिवस दुबईला माझ्या नणंदेकडे थांबून मग पुण्याला जाणार होते. निघायच्या दोन दिवस आधी, शनिवारी, मला एका ओळखीच्याचा मेसेज आला. त्याला मी दादा म्हणते. तो इथल्या एका संस्थेत पीएचडीला आला आणि इथेच राहिला. आठ वर्षांपूर्वी मी आले तेव्हा नवरा म्युनिकला प्रोजेक्टवर अडकला होता. तेव्हा हा दादा राहत्या पत्त्याच्या नोंदणीसाठी माझ्याबरोबर सरकारी कचेरीत तीन तास उभा राहिला होता. मला तेव्हा एक वाक्य धड बोलता येत नव्हतं. ते मी विसरलेले नाही. त्याने लिहिलं होतं, “काकांच्या बॅगेत जागा आहे का? छोटा बॉक्स. दुबईपर्यंतच.” खाली दुबईत बॉक्स घ्यायला येणाऱ्या माणसाच्या कंपनीचं नाव आणि फोन नंबर होता. मी लिहिलं, “जागा आहे ना, घेऊन ये,” आणि खाली नणंदेचा दुबईचा पत्ताही दिला.

रविवारी दुपारी तो आला. सासरे बॅग काट्याला लटकवून वजन बघत होते. दादाने अर्ध्या विटेएवढा, तपकिरी चिकटपट्टीत गुंडाळलेला बॉक्स टेबलावर ठेवला.

“मित्राच्या कंपनीचं स्पेअर आहे, काका. गेज आहे एक. मशीन बंद पडलंय बिचाऱ्यांचं, कुरिअरने दोन आठवडे जातील. दुबईत माणूस घरी येऊन घेऊन जाईल, तुम्हाला बाहेरही पडायला नको. बॅटरी वगैरे नाहीये त्यात. द्रव पदार्थ पण नाही.”

यातलं एकही वाक्य कोणी विचारलेलं नव्हतं. सासऱ्यांनी माझ्याकडे बघितलं.

मी ‘गेज’ ऐकलं होतं. इथे मला खोटं बोलायचं नाही. ऐकलं, आणि आत कुठेतरी टोचलं. मग मीच स्वतःला सांगितलं की गेज काय, सायकलच्या पंपालाही असतं. समोर आठ वर्षांपूर्वीचे उपकार चहा पीत बसले होते आणि त्यांना मी माझे तीन प्रश्न विचारायचे, मालाच्या कागदावर सही मागायची? मला ते हलकं वाटलं.

“ठेव ना दादा, त्यात काय,” मी म्हणाले.

“आपल्यातलेच ना?” सासऱ्यांनी हळूच विचारलं.

“आपल्यातलेच, बाबा.”

त्यांनी बॉक्स उचलून एकदा कानाजवळ नेला, हलवला नाही, आणि चिवड्याच्या डब्याशेजारी स्वेटरमध्ये गुंडाळून ठेवला. करडी बॅग ओळखू यावी म्हणून मी तिला लाल रिबन बांधली.

सोमवारी सकाळी नवरा दोघांना घेऊन फ्रँकफर्टच्या विमानतळाकडे निघाला. मी ऑफिसला गेले. विमान तीन वाजून पाच मिनिटांनी होतं. पावणेएकला सासऱ्यांचा मेसेज आला, “बॅगा गेल्या. तो परत निघाला. आम्ही आत निवांत बसलो. दुबईत तो बॉक्स न्यायला कोण येणार त्याचं नाव परत पाठव.”

मी व्हॉट्सॲप ऑफिसच्या कॉम्प्युटरवरच उघडलेलं होतं. दादाचा मेसेज काढला, कंपनीचं नाव कॉपी केलं. ते सासऱ्यांना पाठवायचं होतं. पण माझी बोटं दिवसातून चाळीस वेळा एकच काम करतात: नाव कॉपी करायचं आणि संशयित कंपन्यांच्या यादीत शोधायच्या चौकटीत टाकायचं. त्यांनी तेच केलं. निदान मी स्वतःला तेव्हा तसं सांगितलं. आज वाटतं, रविवारपासून टोचत होतं तेच बोटांत उतरलं असावं.

स्क्रीन लाल झाली. नावापुढे शेरा होता: ‘तिकडच्या’ अणुकार्यक्रमासाठी खरेदी करत असल्याचा संशय, काहीही पुरवू नये.

शेजारच्या टेबलावरचा सहकारी सफरचंद खात होता, त्याचा आवाज मला फार मोठा वाटायला लागला. मी नाव पुन्हा टाकलं. पुन्हा लाल.

पहिला विचार आला तो असा: सासऱ्यांना एवढंच कळवायचं की दुबईत कोणी आलं तर बॉक्स देऊ नका, पुण्याला घेऊन जा, तिथे माळ्यावर टाकून द्या. कोणालाही कळणार नाही. मी तो मेसेज पूर्ण लिहिला. “कोणालाही देऊ नका” इथपर्यंत. मग आठवलं की त्या माणसाकडे माझ्या नणंदेचा पत्ता आहे, मीच दिलेला. तिच्या घरी दोन लहान मुली आहेत. तो दारात उभा राहिला आणि सत्तरी ओलांडलेल्या, बीपीच्या गोळ्या शर्टाच्या खिशात ठेवणाऱ्या माणसाने त्याला नाही म्हणायचं? आणि त्याने दिलं, तर ते गेज कुठल्या रांगेत जाऊन बसणार हे या मजल्यावर माझ्याइतकं स्पष्ट कोणालाच माहीत नव्हतं. मी मेसेज पुसला.

दुसरा विचार, तो पण सांगते, माझा होता. नोकरी जाईल. व्हिसा नोकरीवर आहे, घर व्हिसावर आहे. काहीच केलं नाही आणि सगळं सुरळीत पार पडलं तर यातलं काही जाणार नाही. घड्याळात एक वाजला. मी उठले, पाणी प्यायले, परत येऊन बसले. परत उठले आणि बॉसच्या खोलीत गेले.

ती पन्नाशीची, कमी बोलणारी बाई आहे. मी उभ्यानेच सांगितलं. तिने वाक्य तोडलं नाही. मग नेहमीच्या क्रमाने विचारायला लागली.

“बरं. घेणारा कोण?”

मी नाव सांगितलं.

“माल?”

“गेज. कोणत्या कंपनीचं, कोणत्या जातीचं, माहीत नाही. उघडून बघितलं नाही.”

“नेणारा?”

“माझे सासरे.”

तिने चष्मा काढला. “आणि त्यांना कोणी दिलं?”

“मी.”

तिने टेबलावरचा फोन माझ्याकडे वळवला. “विमानतळाच्या त्सोलला फोन तू करतेस की मी करू?”

मी केला. एक वाजून पाच मिनिटांनी मी एका अनोळखी माणसाला माझ्या सासऱ्यांचं पूर्ण नाव सांगितलं, जन्मतारीख सांगितली, विमानाचा नंबर सांगितला. त्याने विचारलं, बॅग कशी ओळखायची. करडी, मी म्हणाले, लाल रिबन बांधलेली.

नंतर नवऱ्याला फोन लावला. तो हायवेवरच्या एका थांब्यावर कॉफी पीत होता. मी सगळं सांगितलं.

“तू बाबांना पकडून दिलंस,” तो म्हणाला.

“हो.”

“आधी मला फोन करायचास ना.”

“तू काय केलं असतंस?”

त्याने गाडी वळवली.

मी ट्रेनने पोचले तेव्हा चार वाजत आले होते आणि विमान गेलेलं होतं. एका लांब कॉरिडॉरमध्ये सासूबाई बाकावर बसल्या होत्या. नवरा त्यांच्याशेजारी होता. त्याने माझ्याकडे बघितलं नाही. सासूबाई म्हणाल्या, “अगं, त्यांनी दुपारपासून काही खाल्लं नाहीये. माझ्या पर्समधली पोळीची गुंडाळी पण ती मुलगी तपासायला घेऊन गेली.” आपला नवरा आत का आहे हे त्यांना अजून कोणी सांगितलं नव्हतं. मी पण तेव्हा सांगितलं नाही. माझी हिंमतच झाली नाही.

‘ती मुलगी’ म्हणजे त्सोलची अधिकारी, तिशीची असेल. तिने मला बाजूला घेतलं. बॉक्स उघडला होता. गेजच होतं, परवान्याशिवाय देशाबाहेर न नेण्याच्या जातीचं.

“एक अडचण आहे,” ती म्हणाली. “तुम्ही फोनवर जे सांगितलंत ते आणि तुमचे सासरे सांगतात ते जुळत नाही.”

दुभाष्याला फोनवर घेऊन सासऱ्यांनी हिंदीत जबाब दिला होता. बॉक्स माझा आहे. इथल्या जुन्या वस्तूंच्या बाजारात एका म्हाताऱ्याकडून घेतला. दुबईतल्या एका मित्राला हवा होता. बॅग भरली तेव्हा सूनबाई घरी नव्हती. ती फार कडक आहे, ती कोणाची हळदीची पुडीसुद्धा घेत नाही. तिला यातलं काही माहीत नाही. तिच्या नोकरीचा याच्याशी काही संबंध नाही.

“तुमच्या नोकरीबद्दल मी काही विचारलंच नव्हतं,” ती म्हणाली.

तीन महिने दर शनिवारी ते त्या जुन्या बाजारात जायचे, त्यातूनच त्यांनी हे रचलं होतं. आयुष्यभर ज्या माणसाने दुसऱ्यांचं खोटं पकडलं, त्याला स्वतःला ते अजिबात जमलं नव्हतं.

तिने दार उघडलं. सासरे खुर्चीत ताठ बसले होते. समोर टेबल, टेबलावर चिवड्याचा डबा उघडा, स्वेटर, आणि त्यावर ते चकचकीत गेज. एकतीस वर्षं ते टेबलाच्या त्या बाजूला बसले होते. मला बघून त्यांनी टेबलाखाली हात हलवला. गप्प बस, अशी खूण होती ती.

मी गप्प बसले नाही. जर्मनमध्ये म्हणाले की ते खरं सांगत नाहीत, बॉक्स मीच घेतला, मीच न्यायला सांगितलं. भाषा कळली नाही तरी मी माझ्या छातीवर बोट ठेवलेलं त्यांनी बघितलं, आणि त्यांचा चेहरा उतरला.

“अगं, कशाला सांगितलंस?” ते मराठीत म्हणाले. “मला काय करणार आहेत हे, वय झालं माझं. तुझी नोकरी जाईल ना. यांना कुठून कळलं देव जाणे, पण मी तुला बाजूला काढलं होतं.”

“बाबा, यांना मीच कळवलं.”

“काय?”

“मीच फोन केला. तुमचं नाव, बॅग, रिबन, सगळं मीच सांगितलं.”

अधिकारी बाईने पेन खाली ठेवलं. ते रागावतील अशी माझी तयारी होती, रडतील अशी नव्हती. त्यांनी दोन्हीतलं काही केलं नाही. विचारलं, “किती वाजता केलास?”

“एक वाजून पाच मिनिटांनी.”

“माझा मेसेज पावणेएकचा,” ते म्हणाले. “वीस मिनिटं लागली तुला.”



संध्याकाळी त्यांना सोडलं. माझं फोन करणं त्यांच्या बाजूने धरलं गेलं. माझी चौकशी पुढे चार-पाच महिने चालली. दादाला मी फोन केला तेव्हा तो आधी चिडला, मग घाबरला. तो म्हणाला की त्यालाही तो बॉक्स कोणीतरी दिला होता, ओळखीतल्याच एकाने, आणि त्या ओळखीतल्याने म्हणे आणखी कोणाकडून घेतला होता. तो खरं बोलत होता की नाही, मला माहीत नाही. त्याने न विचारलेलं बरंच सांगितलं, पण घाबरलेला माणूसही तसंच करतो हे मी त्या दिवशी विमानतळावर बघितलं होतं. त्याच्याशी आता बोलणं नाही. नोकरी राहिली, पण त्या टेबलावरून मला उठवलं. आता मी त्याच कंपनीत माहितीपुस्तिकांची भाषांतरं तपासते. नवरा दोन दिवस कामापुरतं बोलला, तिसऱ्या दिवशी त्याने माझ्यासाठीही चहा टाकला.

नवीन तिकिटं चार दिवसांनंतरची मिळाली, या वेळी सरळ मुंबईची. आदल्या दिवशी दुपारी सासऱ्यांनी मला हाक मारली. करडी बॅग पलंगावर उघडी होती. त्यांनी ती पूर्ण रिकामी केली होती. “ये,” म्हणाले, “तू विचार, मी सांगतो.” मी एकेक वस्तू उचलायचे, ते सांगायचे. स्वेटर, माझा. चॉकलेटं, पुण्यातल्या शेजाऱ्यांच्या मुलांची. चिवड्याचा डबा, त्यांनी झाकण काढून हात आत घालून दाखवला. आम्ही दोघंही हसलो नाही. सगळं भरून झाल्यावर मी रिबन बांधायला घेतली आणि माझे हात थांबले. लाल रिबन हातात तशीच धरून मी रडायला लागले.

“बाबा, चुकलंच माझं. रविवारी एक प्रश्न विचारला असता तर हे झालं नसतं.”

त्यांनी रिबन माझ्या हातातून घेतली आणि स्वतःच बांधायला लागले. गाठ नीट बसेना. बॅगेकडेच बघत ते म्हणाले, “मी नाक्यावर असताना एकदा तुझ्या सासूच्या भावाचा टेम्पो आला होता. ताडपत्री घट्ट बांधलेली. त्याने माझ्या बहिणीचं लग्न जमवलं होतं. मी नाक्याची आडवी फळी वर केली आणि जाऊ दिलं.”

“काय होतं त्यात?”

“विचारलं नाही,” ते म्हणाले. “अजून माहीत नाही मला.”